सज्जनाचा डाव

डंजन्स अँड ड्रॅगन्ससारखा खेळ खेळायला पहिल्यांदाच बसलेल्या मंडळींना 'तुमचं पात्र कसं आहे?' असं विचारलं की ठरावीक उत्तरं येतात. कुणाला चोर व्हायचं असतं, कुणाला भाडोत्री मारेकरी, कुणाला सूडाने पेटलेला एकांडा शिलेदार. 'माझं पात्र सज्जन आहे' असं सांगणारा विरळाच. त्याने तसं सांगितलं की बाकीच्यांना थोडी धास्ती वाटते: आता हा उपदेश करणार, लुटीत आडवा येणार, मजा घालवणार. सज्जन पात्र म्हणजे कंटाळवाणं पात्र, हा समज या खेळाच्या जगात फार खोल मुरलेला आहे. मला तो साफ उलटा वाटतो. या खेळात करता येण्याजोगी सर्वांत अवघड, सर्वांत कल्पक आणि सर्वांत मोलाची गोष्ट म्हणजे चांगलं पात्र मनापासून खेळणं, असं माझं म्हणणं आहे. ते नीरस वाटत असेल तर दोष चांगुलपणाच्या त्या व्याख्येचा आहे, जी या खेळाने सुरुवातीला केली आणि आपण विचार न करता उचलली.

ज्यांनी हा खेळ पाहिलेला नाही त्यांच्यासाठी थोडं सांगतो. चार-पाच जण एका टेबलाभोवती बसतात. त्यातला एक डंजन मास्टर होतो. जगाचं वर्णन करणं आणि वाटेत भेटणाऱ्या प्रत्येक माणसाच्या, राक्षसाच्या वतीने बोलणं हे त्याचं काम. बाकीचे एकेक पात्र घेतात आणि ते काय बोलतं, काय करतं ते सांगतात. यश अनिश्चित असेल तिथे फासे टाकले जातात. सिंधुदुर्गातल्या दशावतारात आख्यानाचं सूत्र तेवढं ठरलेलं असतं आणि संवाद नट रंगमंचावर उभ्या उभ्या रचतात, तसंच हे. फरक दोन. इथे शेवट कुणालाच ठाऊक नसतो, आणि समोर प्रेक्षक नसतो. टाळ्या घ्यायला कुणी नसताना जे केलं जातं, ते सोबत खेळणाऱ्या चार जणांसाठी आणि स्वतःसाठी. चांगुलपणाची परीक्षा घ्यायला यापेक्षा चांगली जागा शोधून सापडणार नाही.

१९७४च्या जानेवारीत अमेरिकेतल्या विस्कॉन्सिन राज्यातल्या लेक जिनिव्हा या लहानशा गावातून हा खेळ बाहेर आला. गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन हे त्याचे कर्ते. पहिल्या छपाईत हजार प्रती निघाल्या. दोघेही युद्धखेळांच्या छंदातले, म्हणजे टेबलावर चिमुकल्या सैनिकांच्या फौजा मांडून लढाया खेळणारे. गायगॅक्स आणि जेफ पेरेन यांच्या १९७१च्या 'चेनमेल' या नियमपुस्तकात काल्पनिक प्राण्यांच्या फौजा 'लॉ' आणि 'केऑस', म्हणजे सुव्यवस्था आणि अनागोंदी, अशा दोन पक्षांत आणि मधल्या तटस्थांत वाटलेल्या होत्या. ही कल्पना पोल अँडरसन आणि मायकेल मूरकॉक यांच्या कथा-कादंबऱ्यांतून आली होती. युद्धखेळात तिचं काम साधं होतं: कोण कुणाकडून लढणार हे ठरवणं. १९७४च्या खेळात 'अलाइनमेंट' या नावाखाली हेच तीन गट आले. चांगलं आणि वाईट हा दुसरा अक्ष गायगॅक्स यांनी फेब्रुवारी १९७६च्या एका लेखात मांडला आणि १९७८च्या 'प्लेयर्स हँडबुक'मध्ये दोन्ही अक्षांच्या छेदातून नऊ चौकटी तयार झाल्या. लॉफुल गुडपासून केऑटिक ईव्हलपर्यंतच्या त्या चौकटी आज हा खेळ कधीच न खेळलेल्यांनाही ठाऊक असतात.

माझ्या मते सगळी गोची इथेच झाली. फौजेचा झेंडा होता तो माणसाचा स्वभाव झाला, पण त्याचं झेंडापण गेलं नाही. ऑर्क, गॉब्लिन, भुतं-पिशाच्चं यांच्या वर्णनात आता 'ईव्हल' असं छापून येऊ लागलं, वजन-उंचीसारखं. १९७८च्या नियमांत पॅलाडिन या धर्मवीर पात्राला साठ फुटांपर्यंतचं दुष्टत्व नुसतं लक्ष एकाग्र करून ओळखता येई. विचार करा, दुष्टत्व जर रंगासारखं दुरून दिसत असेल तर चांगल्या माणसाला उरलं काय? बघायचं, ओळखायचं, तलवार उपसायची. समोरच्याने काय केलं, का केलं, त्याला दुसरा मार्ग होता का, यातला एकही प्रश्न विचारायची गरज नाही. त्यात भर म्हणजे लुटून आणलेल्या प्रत्येक सुवर्णमुद्रेमागे अनुभवाचा एक गुण मिळे आणि अनुभवावरच पात्राची वाढ अवलंबून असे. दुसऱ्याच्या घरात शिरायचं, त्याला मारायचं, त्याचं धन न्यायचं, आणि हे सगळं 'गुड' ही पाटी गळ्यात घालून.

या विचारसरणीची कसोटी लागायला वेळ लागला नाही. गायगॅक्स यांच्याच 'द कीप ऑन द बॉर्डरलँड्स' या गाजलेल्या साहसकथेत ऑर्कांच्या गुहेत लढणारे पुरुष आहेत, तशा बायका आणि न लढणारी पोरंही आहेत. गुहा जिंकल्यावर त्या पोरांचं काय करायचं? जगभरच्या टेबलांवर यावर रात्री गेल्या. २००५मध्ये शरण आलेल्या शत्रूंशी पॅलाडिनने कसं वागावं यावरच्या एका चर्चेत स्वतः गायगॅक्स यांनी लिखांच्याच पुढे उवा होतात या अर्थाच्या जुन्या वचनाचा आधार घेतला, आणि ज्याच्या नावाशी ते जोडलं जातं त्या कर्नल शिव्हिंग्टनचा उल्लेखही केला. हा शिव्हिंग्टन मेथडिस्ट पंथाचा धर्मोपदेशक होता. २९ नोव्हेंबर १८६४ रोजी कोलोरॅडोतल्या सँड क्रीकपाशी त्याच्या सैनिकांनी शायेन आणि अरापाहो लोकांच्या तळावर हल्ला करून दीडशेहून अधिक माणसं मारली. त्यात बहुतेक बायका, मुलं आणि म्हातारी माणसं होती.

गायगॅक्स यांचा अवमान करण्यासाठी मी हे सांगत नाही. त्यांनी आणि आर्नेसन यांनी लाखो लोकांना दिलेला आनंद खरा आहे आणि त्या ऋणात मीही आहे. पण हा खेळ ज्याने रचला त्याचाच 'चांगला' माणूस सँड क्रीकच्या काठावर जाऊन उभा राहतो, तेव्हा चूक एका माणसाच्या मताची उरत नाही, ती व्याख्येतच असते. आधी कोण वाईट ते ठरवायचं आणि मग त्याच्याशी काहीही करण्याची मुभा घ्यायची, याला चांगुलपणा म्हणता येत नाही. समोरच्यावर चिकटवलेली पाटी आपल्याला परवानगी देते. चांगुलपणा मुळात परवानगी देत नसतो. समोर कुणीही असो, 'हे मी करणार नाही' असं तो आपल्याला आपल्याविषयी म्हणायला लावतो.

गंमत म्हणजे ही दुसरी व्याख्याही त्याच १९७८च्या पुस्तकात आहे, पॅलाडिनच्याच पानांवर. पॅलाडिनला दहापेक्षा जास्त जादूच्या वस्तू बाळगता येत नाहीत. साध्या गरजांपुरतं ठेवून उरलेलं धन देऊन टाकायचं आणि मिळकतीचा दहावा भाग दान करायचा. त्याने जाणूनबुजून आणि स्वेच्छेने एखादं दुष्कृत्य केलं तर पॅलाडिनपण तत्काळ आणि कायमचं जातं. शिवाय पॅलाडिन होणंच दुर्मीळ: त्यासाठी करिष्मा हा गुण किमान १७ लागतो, आणि तीन फासे टाकले तर २१६ शक्यतांपैकी फक्त ४ मध्ये एवढे गुण पडतात. लुटीवर चालणाऱ्या खेळात ज्याला लूट ठेवता येत नाही असं हे पात्र. शार्लमेनच्या दरबारच्या वीरांपासून अँडरसनच्या कादंबरीपर्यंत त्याचे पूर्वज युरोपीय आहेत, पण त्याचं पतन आपल्याला अनोळखी नाही. अश्वत्थाम्याविषयीचं ते अर्धसत्य उच्चारताच धर्मराजाचा जमिनीपासून चार अंगुळं वर चालणारा रथ खाली टेकला, ही गोष्ट ऐकत आपण मोठे झालो. त्याला शिक्षा करायला कुणी आलं नाही. त्याचं वेगळेपण ज्या एका गोष्टीवर उभं होतं ती त्याने सोडली, एवढंच. पॅलाडिनची शक्तीही अशीच त्याच्या शब्दावर उभी असते.

मग पॅलाडिन इतका बदनाम का झाला? 'लॉफुल स्टुपिड' ही शिवी त्याच्यासाठीच का घडवली गेली? याचं कारणही नियमांतच सापडतं. त्याच पानांवर असंही लिहिलं होतं की पॅलाडिनने चांगल्या पात्रांचीच संगत धरावी. तटस्थांबरोबर फार तर एखादी मोहीम. म्हणजे एका खेळाडूने घेतलेल्या व्रताचा उपास इतर चौघांनी करायचा. चोराचं पात्र घेतलेल्या मित्राने खिसा कापला की पॅलाडिनवाला तलवार काढणार, कैद्याला धाक दाखवला की भाषण देणार, आणि वर म्हणणार, 'मी काय करू, माझं पात्रच तसं आहे.' इतर चिडले तर नवल नाही. दुसऱ्या बाजूने डंजन मास्टरही या नियमाचा सापळा करत. कसंही वागलं तरी पाप लागेल असे प्रसंग रचायचे आणि मग व्रतभंग झाला म्हणून शक्ती काढून घ्यायची. या सगळ्यात चांगुलपणा कुठे होता? होती ती दुसऱ्याच्या वागण्यावरची पहारेदारी. चांगुलपणाला किंमत असते यात शंका नाही, पण ती ज्याने व्रत घेतलं त्याने स्वतःच्या खिशातून भरायची असते. ती दुसऱ्याच्या नावावर टाकली की तिचा जुलूम होतो. हे टेबलावर जितकं खरं आहे तितकंच घरात आणि गावातही.

आता चांगलं पात्र खेळणं प्रत्यक्षात कसं दिसतं ते पाहू. समजा, चार जणांच्या टोळीने एक गॉब्लिन पकडला आहे. रात्रीची वेळ, जंगल, जवळ अन्न थोडं. ज्याला फक्त खजिना हवा आहे त्याच्यासाठी हा गॉब्लिन म्हणजे नकाशा. वाट सांगितली की त्याचं काम संपलं, मग गळा चिरायचा आणि पुढे निघायचं. क्रूर पात्रासाठीही तेच, मध्ये थोडा छळ. यात गॉब्लिनला नाव लागत नाही, कारण त्याच्या नावाचा कुणालाच उपयोग नाही. पण टोळीतल्या एकीचं पात्र सज्जन आहे. ती विचारते: तुझं नाव काय? तुला इथे पहाऱ्यावर कुणी ठेवलं? परत गेलास तर तुझा सरदार तुझं काय करील? हे प्रश्न येताच डंजन मास्टरला उत्तरं रचावी लागतात. गॉब्लिनला नाव मिळतं, त्याला कुणाची तरी भीती वाटू लागते, डोंगरापलीकडे त्याची वस्ती उभी राहते, वस्तीत भांडणं सुरू होतात. मघापर्यंत तिथे काहीच नव्हतं. आता त्याला सोडायचं तर धोका आहे, सोबत न्यायचं तर अन्न पुरणार नाही, मारायचं तर नावानिशी माहीत असलेल्या कुणाला तरी मारायचं आहे. कथा आत्ता कुठे सुरू झाली, आणि ती सुरू केली सज्जन पात्राच्या एका प्रश्नाने.

माझ्या म्हणण्याचा गाभा हाच आहे. चांगलं पात्र खेळणं म्हणजे समोरचाही कोणीतरी आहे असं धरून चालणं. कल्पनेच्या जगात हे सर्वांत कठीण असतं, कारण तिथे समोरचा खरोखरच कोणी नसतो, डंजन मास्टरच्या वहीतली एक ओळ असतो. त्या ओळीला माणूस मानायला जी कल्पनाशक्ती लागते ती राक्षसाची मुंडी उडवायला लागत नाही. आयरिस मर्डॉक या तत्त्वज्ञ-कादंबरीकार बाईंनी १९७०च्या 'द सॉव्हरिन्टी ऑफ गुड' या पुस्तकात सासू-सुनेचं एक उदाहरण घेतलं आहे. सासूला सून उथळ आणि ओबडधोबड वाटते. पण वागण्यात ती काहीच उणं पडू देत नाही. मग ती स्वतःशी ठरवते की या मुलीकडे पुन्हा नीट पाहायचं. हळूहळू तिला दिसू लागतं की जिला आपण उथळ समजलो ती मोकळी आहे. बाहेरून काहीच बदललेलं नाही, तरी मर्डॉकबाईंच्या मते इथे एक नैतिक कृती घडली आहे, आणि ती आहे लक्ष देण्याची. गॉब्लिनला नाव विचारणारी खेळाडू हीच कृती मोठ्याने, चार जणांसमोर करत असते.

यावर पहिला आक्षेप ठरलेला: वाचायला, पाहायला, खेळायला खलनायकच रंगतदार असतात, सज्जन माणसं कथेत मिळमिळीत होतात. हे निरीक्षण खोटं नाही. फ्रेंच विचारवंत सिमोन वेल यांनीही म्हटलं होतं की कल्पनेतलं दुष्टपण मोहक वाटतं आणि चांगुलपण कंटाळवाणं. मात्र प्रत्यक्ष जगण्यात ते बरोबर उलट असतं. प्रश्न असा की हा खेळ कल्पना आहे की प्रत्यक्ष? मला वाटतं, तो दोहोंच्या मध्ये उभा आहे, आणि त्याची खरी ताकद तिथेच आहे. कादंबरीत नायकाने आपली तलवार कुणाला देऊन टाकली तर आपण ते वाचतो, मान हलवतो, पुढचं पान उलटतो. खेळात ती तलवार मिळवण्यासाठी मी स्वतः कित्येक आठवडे धडपडलेलो असतो. ती देताना माझा हात अडखळतो. मोह दुसऱ्या कुणाला पडलेला नसतो, मला पडलेला असतो. खेळांचे तत्त्वज्ञ सी. थी न्गुयेन यांनी २०२०च्या आपल्या पुस्तकात खेळ ही कर्तृत्वाचीच कला आहे असं मांडलं आहे: खेळ आपल्याला काही काळापुरते वेगळे हेतू देतो आणि ते खरे मानून निर्णय घ्यायला लावतो. हे खरं असेल तर कादंबरीला जे जड जातं ते या खेळाला सहज जमायला हवं. चांगुलपणा बाहेरून पाहताना सपाट दिसतो. करताना त्यात प्रत्येक पावलावर काटा असतो.

दुष्ट पात्राला मोकळीक असते म्हणतात, तीही तपासून पाहावी. सगळ्यांना मारत, लुटत, जाळत फिरणाऱ्या टोळीला इंग्रजी खेळाडू 'मर्डरहोबो' म्हणतात. अशा टोळीचा खेळ काही दिवसांनी ओस पडतो. प्रत्येक गाव सारखं, प्रत्येक दुकानदार सारखा, कारण कुणालाच बोलायची संधी मिळालेली नाही. ज्या जगात कशाचीच किंमत नाही तिथे निवडीलाही अर्थ उरत नाही. खलनायकी पात्रं खेळूच नयेत असं मी म्हणणार नाही. माणसातला अंधार तपासण्याचं काम कलेने नेहमीच केलं आहे. पण ते पात्रही खऱ्या अर्थाने रंगायचं असेल तर ज्याच्यावर अन्याय होतो तो कोणीतरी असावा लागतो. म्हणजे खलनायकालाही भांडवल लागतं ते सज्जनाच्या नजरेनेच उभं केलेलं.

दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे: खोटं सोनं दान करून, खोट्या गॉब्लिनला जीवदान देऊन कुणी चांगला माणूस होतो का? होत नाही, आणि तसा दावा कुणी करू नये. १९८०च्या दशकात अमेरिकेत काही पालक-संघटना आणि धर्मप्रचारक सांगत होते की हा खेळ मुलांना सैतानाच्या नादी लावतो. ते आरोप निराधार होते. खोट्या भुतांशी खेळून मुलं सैतानाची होत नसतील तर खोट्या देवदूतांशी खेळून संतही होणार नाहीत, इतका प्रामाणिकपणा आपण ठेवला पाहिजे. सद्गुण सवयीने अंगी बाणतात असं ॲरिस्टॉटलने सांगितलं, पण ती सवय खऱ्या माणसांत, खऱ्या नुकसानीसह लागते. खेळ देतो ती गोष्ट याहून लहान, पण टाकाऊ मुळीच नाही. चांगलं वागण्याचा क्षण दिसतो कसा, हे तो दाखवतो. प्रत्यक्ष आयुष्यात तो क्षण पाटी लावून येत नाही. तो घाईत, थकव्यात, मित्रांच्या आग्रहात दडून येतो, आणि बहुतेकदा उलटून गेल्यावर आपल्या लक्षात येतो. टेबलावर तो क्षण थांबवून सगळ्या बाजूंनी पाहता येतो, चुकला तर पुढच्या आठवड्यात त्याविषयी बोलता येतं.

काही खेळकर्त्यांनी हे ओळखून नियमच वेगळे रचले. ग्रेग स्टॅफर्ड यांच्या १९८५च्या 'पेंड्रॅगन'मध्ये आर्थर राजाचे सरदार खेळायचे असतात. तिथे दयाळू-क्रूर, विनम्र-गर्विष्ठ, उदार-स्वार्थी अशा गुणावगुणांच्या तेरा जोड्या आहेत आणि प्रत्येक जोडीची बेरीज २०. एखादा गुण १६ किंवा त्याहून वर गेला की त्याची कीर्ती होते, पण मग तो गुणच पात्राला ओढू लागतो. फासा तसा पडला तर दयाळू सरदाराला नको त्या वेळीही शत्रूला सोडावं लागतं. स्वभाव म्हणजे आपण वागून वागून स्वतःला लावून घेतलेली ओढ, हे एका आकड्यात इतकं नेमकं क्वचितच कुणी दाखवलं असेल. त्याच वर्षी रिचर्ड गॅरियट यांचा 'अल्टिमा ४' हा संगणकावरचा खेळ आला. त्यात शेवटी मारायला महाखलनायकच नाही. आठ सद्गुण अंगी बाणवणं हेच ध्येय. त्यात जादूची सामग्री विकणारी एक दुकानदार आंधळी आहे. किती पैसे द्यायचे ते तुम्ही सांगायचं, आणि कमी दिले तरी ती अडवत नाही. नोंद मात्र होत राहते. व्हिन्सेंट बेकर यांच्या २००४च्या 'डॉग्ज इन द व्हिनयार्ड'मध्ये खेळाडू गावोगाव फिरून न्यायनिवाडा करणारे तरुण धर्मरक्षक असतात, आणि खेळ चालवणाऱ्याला पुस्तकाची सक्त सूचना असते की खेळाडूंच्या निवाड्यावर त्याने निवाडा द्यायचा नाही. कुणाला गोळी घातलीत तर ती बरोबर की चूक हे वरून कुणी सांगणार नाही. तुम्हीच ठरवायचं आणि तुम्हीच ते वागवायचं. या तिन्ही खेळांत समोरच्याच्या गळ्यातली पाटी गेली आहे आणि भार आपल्या कृतीवर आला आहे.

टेबलावर चांगुलपणा फुलायचा की कोमेजायचा हे सर्वांत जास्त डंजन मास्टरच्या हातात असतं. अनेक टेबलांवर एक खोड आढळते: सोडून दिलेला प्रत्येक शत्रू पुढच्या खेपेला फौज घेऊन परत येतो, मदत केलेला प्रत्येक भिकारी हेर निघतो. डंजन मास्टरला वाटतं, आपण कथेला वळण दिलं. खेळाडू मात्र पक्का धडा शिकतात, दया म्हणजे मूर्खपणा. पुढच्या कैद्याचा गळा विनाचर्चा कापला जातो, आणि मग तोच डंजन मास्टर तक्रार करतो की माझे खेळाडू रक्तपिपासू आहेत. उलट टोकही तितकंच घातक. प्रत्येक दयेच्या बदल्यात बक्षीस मिळू लागलं की ती दया उरत नाही, गुंतवणूक होते. सोडलेल्या गॉब्लिनचं काय होईल हे सोडताना कळता कामा नये. तो कधी उलटावा, कधी उपयोगी पडावा, आणि पुष्कळदा पुन्हा कधीच दिसू नये. परिणाम अनिश्चित असतानाही केली जाते तीच दया. ही अनिश्चितता जपणं हे डंजन मास्टरचं नैतिक काम आहे, असं मी पूर्ण गांभीर्याने म्हणतो.

खेळाडूकडूनही काही अपेक्षा आहेत. सज्जन पात्र घेणाऱ्याने पहिल्याच बैठकीत सोबत्यांशी मोकळेपणाने बोलावं आणि आपलं पात्र काय करणार नाही ते सांगावं. त्यांनी काय करू नये याची यादी काढू नये. मित्राच्या पात्राने दुबळ्यावर हात उगारला तर भाषण ठोकण्याआधी मध्ये उभं राहावं, घाव स्वतःवर घ्यावा. अशी कृती इतरांची मजा हिरावत नाही, उलट त्यांच्यापुढे नवा पेच टाकते, कारण आता त्यांना ठरवायचं असतं की या माणसाला ओलांडून जायचं का. वाटणीत कमी घ्यावं आणि त्याचा बोभाटा करू नये. आणि आपल्या पात्राला चुकू द्यावं. सज्जन माणूस कधी चुकतच नाही, असं धरलं की तो पुतळा होतो. घाबरून गप्प बसलेला, रागात नको ते करून बसलेला आणि मग ते निस्तरायला परत गेलेला सज्जन हा कुठल्याही मारेकऱ्यापेक्षा जास्त जिवंत असतो.

गेल्या काही वर्षांत हा खेळही बदलला आहे. २०१४च्या पाचव्या आवृत्तीत अलाइनमेंटला नियमांत जवळपास काही वजन उरलं नाही. पॅलाडिनवर लॉफुल गुड असण्याची सक्ती उरलेली नव्हती आणि त्याजागी त्याने निवडलेली शपथ आली. दुष्टत्व ओळखण्याच्या मंत्राने आता भुतं-सैतानांसारख्या अलौकिक जिवांची चाहूल लागते, माणसाच्या मनातलं पाप दिसत नाही. डिसेंबर २०२१मध्ये खेळाडूंनी घ्यायच्या वंशांच्या वर्णनातून ठरीव अलाइनमेंटचे उल्लेखही काढले गेले. यावर अनेक जुने खेळाडू हळहळले. चांगलं-वाईटच पुसून टाकलं, आता वीर कशाशी लढणार, असं ते विचारतात. त्यांची हळहळ मी समजू शकतो, पण निष्कर्ष मला पटत नाही. ऑर्क जन्मतः दुष्ट असताना त्याच्याशी कसंही वागलं तरी चालत होतं. तो जन्मतः कोणीच नाही म्हटल्यावर माझं वागणं पहिल्यांदाच माझं झालं. जगातलं दुष्टत्व यात कुठे गेलेलं नाही. गावं जाळणारे सरदार आहेत, माणसं विकणारे व्यापारी आहेत, त्यांच्याशी लढावंच लागतं. फक्त आता ते काय करतात हे पाहून लढायचं आहे, आणि लढतानाही आपण काय होत चाललो आहोत यावर नजर ठेवायची आहे.

या खेळात डंजन मास्टर एक प्रश्न रात्रभर पुन्हा पुन्हा विचारतो: 'तू काय करतोस?' तू कोण आहेस, तुझी चौकट कुठली, तुझ्या कागदावर काय लिहिलं आहे, हे तो विचारत नाही. अलाइनमेंटच्या नऊ चौकटी गेली कित्येक दशकं 'मी कोण?' या प्रश्नाची तयार उत्तरं पुरवत आल्या, आणि चांगुलपणा हे त्यातलं सर्वांत सोपं, म्हणून सर्वांत कंटाळवाणं उत्तर ठरलं. 'तू काय करतोस?' या प्रश्नाला मात्र चांगल्या माणसाचं उत्तर दर वेळी नव्याने शोधावं लागतं, कारण समोरचा दर वेळी नवा असतो. म्हणून माझा आग्रह आहे: पुढच्या वेळी पात्र घडवाल तेव्हा मारेकरी जरा बाजूला ठेवा आणि सज्जन माणूस घ्या. त्याला हरू द्या, चुकू द्या, किंमत मोजू द्या, पण वाटेत भेटणाऱ्या प्रत्येकाचं नाव विचारायला लावा. या खेळात त्याच्याइतकं अवघड आणि त्याच्याइतकं समृद्ध पात्र दुसरं नाही.